हात हुंगणाऱ्या दोघी

"आजी, तुमच्यासारख्या लोकांना सगळीकडे जातच दिसते."

माइकवर म्हणाला तो. भरल्या हॉलमध्ये. मागे पडद्यावर फुजी पर्वत, पुढे आमची मराठी मंडळी, आणि मधल्या रांगेत उभी मी. आजी म्हणाला, पण माझ्याच वयाचा असेल तो. केस काळे केलेले, एवढाच फरक.

लोक हसले. फार नाही. सभ्य माणसं हसतात तेवढंच.

मी उभीच राहिले. गुडघे दुखतात माझे, उभं राहवत नाही, तरी बसता येईना. कानात एकच शब्द घुमत होता. तुमच्यासारख्या. अरे, माझ्यासारख्या म्हणजे कशा? मी कोण ते या हॉलमध्ये कुणालाच माहीत नव्हतं. निदान मी तरी तसं धरून चालले होते. इतकी वर्षं.

आधीपासून सांगते, नाहीतर तुम्हाला कळायचं नाही.

मी राहते स्टॅनमोरला, लंडनच्या कडेला, मुलाकडे. त्याच्याआधी सगळा संसार कॉव्हेंट्रीत केला. नवरा फॅक्टरीत, मी लाँड्रीत. नवरा गेला आणि मुलगा म्हणाला, आई, आता एकटी राहू नकोस. आले. इथली मराठी माणसं निराळी. बँकेतली, सॉफ्टवेअरची, सकाळी ट्यूबने लंडनला जाणारी. माणसं वाईट नाहीत हो. पण पहिल्याच रविवारी, मंडळाच्या हॉलला जाताना, गाडीत मुलगा हळूच म्हणाला, "आई, तिकडे कुणी विचारलं तर साताऱ्याकडचे म्हणून सांग. बास. पुढचं काही नको."

आमचं आडनाव गावावरून. त्यातून काही कळत नाही. मुलाला तेच बरं वाटायचं.

पुढचं काय ते सांगते. आम्ही ढोर. मेलेल्या जनावराचं कातडं कमावणारे. गावाच्या खालच्या अंगाला, ओढ्याकाठी आमची घरं. चुन्याचे हौद, बाभळीची साल, हिरडा, आणि वास. तो वास तुम्हाला शब्दात सांगता येणार नाही, आणि आम्हाला तो येतही नव्हता. शाळेत गेले तेव्हा कळलं की आम्हाला वास येतो. मास्तर म्हणायचे, "तू दारात बस. वारा येऊ दे." शेणाने सारवलेल्या वर्गात, ज्या पोरी स्वतः गोठ्यातून उठून यायच्या, त्या माझ्याकडे बघून नाक दाबायच्या. आई माझे हात राखेने घासायची. लिंबू चोळायची. कातडी सोलेपर्यंत घासायची. मग मी हात नाकाशी धरायची. गेला का? आई विचारायची, गेला का गं?

चौथीनंतर शाळा सुटली. वाचायला पुढे माझी मी शिकले. पण हात हुंगायची खोड काही सुटली नाही. कॉव्हेंट्रीला आले, आयुष्यभर साबणाच्या पाण्यात हात घातले, हॉटेलच्या चादरी, टॉवेल, पडदे धुतले, तरी काम संपलं की हात धुवायचे आणि नाकाशी न्यायचे. आपोआप.

आणि एक दिवस बघते तर शेजारच्या नळावर दुसरी एक बाई तेच करत होती.

जपानची होती ती. नवरा इंग्रज. तिचं नाव सांगणार नाही. लाँड्री कुठली, तिचं गाव कुठलं, तेही नाही. सांगायचं नाही हे मी ठरवलंय, का ते पुढे येईलच. ती माझ्यापेक्षा लहान. मी तिला धाकटी म्हणायची. ती मला ओनेसान म्हणायची, म्हणजे ताई. दोघींचं इंग्रजी मोडकं. पण दोन मोडक्या इंग्रजी एकमेकींना बरोबर कळतात, मी सांगते तुम्हाला.

मी बघितलं, तिने बघितलं. दोघींनीही हात खाली केले. चोरी पकडल्यासारखे.

कितीतरी दिवस कुणीच काही बोललं नाही. मग एकदा डबा खाताना मीच म्हणाले, "माझा बाप कातडं करायचा. म्हणून हुंगते."

तिचा घास हातातच राहिला. तिने इकडेतिकडे बघितलं. साबणाची वाफ आणि मशिनींचा आवाज, कोण ऐकणार होतं? तरी माझ्या कानाला लागून म्हणाली, "माझापण."

असं धाकटीने मला जपान सांगितलं. पुस्तकातलं नाही. नदीच्या पाण्यात कातडी भिजवायची, मीठ आणि तेल लावून पायाने तुडवायची. तिची आजी तुडवायची, तिची आई तुडवायची. पूर्वी म्हणे त्यांच्यात वर सामुराई, खाली शेतकरी, मग कारागीर, मग व्यापारी. आणि या सगळ्यांच्या खाली, मोजणीतच नसलेले, मेलेल्या जनावराचे लोक. सामुराईच्या चिलखताला कातडं यांचं, घोड्याच्या खोगिराला कातडं यांचं, देवळातल्या ढोलाला कातडं यांचं. पण उंबऱ्याच्या आत यायचं नाही. पुढे सरकारने कायद्याने ते मोडलं, तर शेतकऱ्यांनी यांचीच घरं जाळली. आमच्या बरोबरीचे झाले का म्हणून!

मी विचारलं, "पण तुम्ही तर सगळे सारखेच दिसता. ओळखतात कसे?"

"पत्ता विचारतात," ती म्हणाली. "लग्न ठरलं की माणूस पाठवून चौकशी करतात. आजोबा कुठल्या वस्तीत राहायचे."

"आमच्याकडे आडनाव विचारतात."

दोघी हसलो. काय करणार मग? अशा हसलो की सुपरवायझर येऊन बघून गेला.

तिचं लग्न असंच मोडलं होतं. मुलगा चांगला होता म्हणे. चौकशीचा कागद आला आणि तो पुन्हा कधी दिसला नाही. मग तिने देशच सोडला. नवऱ्याला तिने कधी सांगितलं नाही. त्याला सांगून कळलंही नसतं. मुलीलासुद्धा नाही. आख्ख्या विलायतेत हे माहीत असलेलं माणूस एकच. मी.

आता हॉलमध्ये चला परत.

आमच्या मंडळातली बरीच रिटायर्ड जोडपी चेरीची फुलं बघायला जपानला निघाली होती. म्हणून हे व्याख्यान. बोलणारे गृहस्थ इंजिनिअर, जपानी कंपनीत काम केलेले, काही वर्षं तिथेच राहिलेले. सगळे त्यांना सर म्हणतात. बोलले छान. भाताची शेती, तांदळात भरायचा सारा, रेशमाच्या गिरण्यांत राबणाऱ्या पोरी, लढाईनंतर राखेतून उभ्या राहिलेल्या कंपन्या. मला आवडत होतं. धाकटीचा देश ना तो!

मग म्हणाले, "तिथे प्रत्येकाने आपापलं काम पूजा समजून केलं. कुणी तक्रार केली नाही. आणि मुख्य म्हणजे, तिथे जातबीत नाही, आरक्षण नाही. म्हणून ट्रेन वेळेवर येते."

टाळ्या.

माझा हात वर गेला. खरं सांगते, मी नेला नाही, तो गेला.

"सर, मेलेली जनावरं कोण उचलायचं तिथे?"

"काय म्हणालात आजी?"

"चिलखताला कातडं लागायचं ना? ते कोण कमवायचं? त्या लोकांना गावात घ्यायचे का?"

ते हसले. "आजी, मी राहिलोय तिथे. मला असं कुणी दिसलं नाही."

"दिसणार कसे? ते सांगत नाहीत."

"मग तुम्हाला कुणी सांगितलं? सोर्स काय तुमचा? व्हॉट्सॲप?"

यावर हशा झाला. चांगला मोठा. पुढच्या रांगेतला माझा मुलगा मान खाली घालून बसला.

"माझी मैत्रीण आहे," मी म्हणाले. "ती त्यांच्यातलीच आहे."

"अच्छा! नाव काय त्यांचं? कुठे असतात? पुढच्या वेळी बोलवूया की. आम्हालाही कळू दे."

सगळे माझ्याकडे वळले. नाव. दोन अक्षरी नाव, जिभेवर आलेलं. म्हटलं असतं तर मी खरी ठरत होते. आणि धाकटीने समुद्र ओलांडून जे मागे टाकलं ते मी एका हॉलमध्ये, तोंडीलावण्यासारखं, यांच्या पानात वाढत होते.

मी तोंड मिटलं.

"बघा," सर म्हणाले. "नाव नाही, पत्ता नाही." आणि मग हसून, अगदी मायेने, ते वाक्य म्हणाले, जे मी सुरुवातीला सांगितलं.

तेव्हा मी बोलले. "तिचं नाव देणार नाही. माझं घ्या. मी ढोराची पोर आहे. माझ्या बापाने कातडं कमावलं. तुम्ही विचारलं नव्हतं, तरी सांगते."

मला वाटलं होतं, लोक चमकतील. निदान एक तरी मान गर्रकन वळेल.

कुणी चमकलं नाही.

सगळ्यांनी खाली बघितलं. मोबाइलकडे, चपलांकडे. एका बाईने माझ्या मुलाकडे बघितलं, कीव आल्यासारखं. तेव्हा मला कळलं. यांना माहीत होतं. सगळ्यांना.

चहाच्या वेळी मंडळाची सेक्रेटरी आली. गोड मुलगी आहे, नेहमी वाकून नमस्कार करते. माझा हात हातात घेतला. "आजी, कशाला एवढं मनाला लावून घेता? आम्हाला पहिल्याच वर्षी गावाकडच्या कुणाकडून तरी कळलं होतं हो. आम्ही कधी मनात धरलं का?"

"काय मनात धरलं नाहीत, बाळ?" मी विचारलं. "मी खून केला होता?"

तिच्या डोळ्यांत पाणी आलं, आणि तिथल्या बायका तिचीच समजूत घालायला लागल्या.

म्हणजे बघा. माझा मुलगा इतकी वर्षं घाबरून राहिला. घरी कुणी येणार म्हटलं की माझ्या बापाचा फोटो आतल्या खोलीत. मी बोलताना गावाकडचे शब्द गिळायची. सगळं कशासाठी? ज्यांच्यापासून लपवत होतो त्यांना ठाऊकच होतं. ते आम्हाला लपताना बघत होते. रोज. आणि त्यांना वाटत होतं, केवढे हे आपण मोठ्या मनाचे.

घरी आल्यावर मुलगा म्हणाला, "आई, कशाला? मला इथेच राहायचंय ना." पोराचा चेहरा एवढासा झाला होता. मला त्याचा राग नाही आला. मला रडू आलं. हा भित्रेपणा त्याला कुणी आईच्या दुधातून पाजला नव्हता. शाळेत, ऑफिसात, असल्याच हॉलमध्ये तो एकेक घोट प्यायला होता.

रात्री त्याने मंडळाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर टाकायला निरोप लिहिला, मला दाखवला. आईचं वय झालं आहे, तिचा गैरसमज झाला, सरांना वाईट वाटलं असल्यास क्षमस्व. "पाठवू?" म्हणाला.

"उद्या बघू," म्हटलं.

सकाळी धाकटीला फोन लावला. सगळं सांगितलं. मला वाटलं होतं ती म्हणेल, शाब्बास ओनेसान. ती फक्त एवढंच म्हणाली, "माझं नाव?"

"नाही सांगितलं."

"माझं गाव?"

"नाही गं. मैत्रीण म्हटलं. तेवढंच."

मग म्हणाली, "मी मुलीकडे राहायला चाललेय. कायमची. ओनेसान, तिकडे फोन करू नकोस. मुलगी विचारेल, तुम्ही दोघी कशा मैत्रिणी झालात. मी काय सांगू?"

"लाँड्रीत होतो, सांग."

"मला खोटं बोलता येतं," ती म्हणाली. "पण तुझ्याबद्दल नाही येणार."

फोन ठेवला तिने. तेव्हापासून आवाज नाही. माझ्याकडे नंबर आहे. लावत नाही. तिने लावू नको म्हटलंय. आयुष्यात माझी एकच मैत्रीण झाली. माझे हात मी का हुंगते हे न विचारता कळणारी. ती जिवंत असून मला मेली. कुणी मारली? सरांनी नाही. तिच्या देशाने नाही, माझ्याही नाही. त्या एका प्रश्नाने, कुठले तुम्ही, आणि त्याचं उत्तर देताना आमच्या घशाला पडणाऱ्या कोरडीने.

तिला बोल लावत नाही. तिचं ती बघेल. कुणाचं लपलेलं ओढून बाहेर काढायचं नसतं. ते ज्याचं त्यानेच काढावं लागतं.

मी स्वयंपाकघरात गेले. मुलगा फोन घेऊन उभा. "आई, पाठवू ना?"

"नाही. माझं वय झालंय, पण डोकं ठिकाणावर आहे."

"मग काय लिहू?"

"तू काहीच लिहू नकोस. माझं मी लिहिते."

माझ्या फोनवर एकेक अक्षर दाबत लिहिलं. लिहिलं असं: मी ढोर आहे. माझा बाप, माझा आजा कातडं कमवत होते. मी काही चुकीचं बोलले नाही, माफी मागणार नाही. पुढच्या व्याख्यानाला मी येणार आहे आणि प्रश्न विचारणार आहे. कुणाला मनात धरायचं असेल त्याने धरावं.

पाठवलं. मुलगा माझ्या खांद्यावरून वाचत होता. वाचून झालं तसा बाहेर जाऊन गाडीत बसून राहिला.

एकेकाने वाचलं. खुणा निळ्या झाल्या. उत्तर कुणाचं नाही. अजून नाही.

नका देऊ. मी येणार आहे.