ओगुलगेरेकचा आवाज

…तर नूरबेर्दी आगा गावच्या क्लबातून सिनेमा बघून बाहेर पडला. मेंढीच्या कातड्याची ती थोरली टोपी काखेत मारलेली, आणि दिसेल त्याला अडवून एकच विचारत होता, "माझ्या सुनेचा आवाज ऐकलास का रे? पिकल्या खरबुजात सुरी जावी तसा काळजात जातो." तेजेनकडची माणसं खरबुजापलीकडे उपमा शोधायला जात नाहीत म्हणा, पण त्या दिवशी म्हाताऱ्याचे डोळे खरंच भरले होते.

आणि पडद्यावर जिचं तोंड दिसलं ती सून अंगणातल्या तंदुरापाशी रोटी थापत होती. डोक्यावरच्या रुमालाचं टोक ओठांत धरून. सासऱ्यापुढं सुनेनं बोलायचं नाही. त्यानंच मेंढा कापून चारचौघांत 'बोल' म्हणावं, तेव्हाच ते टोक सुटायचं. आगाला हे सुचलंच नव्हतं. चहा हवा की नको हेसुद्धा ती नातवंडांकरवी विचारी.

तिचं नाव ओगुलगेरेक, म्हणजे 'मुलगा हवा'. मुलींवर मुली झाल्यावर बापानं देवाकडं केलेली ती तक्रार होती, ती हिला जन्मभर वाहावी लागली. कापूस वेचायला जायची. अश्गाबातहून सिनेमावाले आले, त्यांना रुमाल चावणारी सून पाहिजे होती. आगाला विचारलं, तर तो म्हणाला, बोलायचं नसेल तर न्या खुशाल. मग काय, एकामागून एक सिनेमे, आणि दर सिनेमात ही मुकी. पाणी आणायचं, दाराआडून बघायचं, नवरा लढाईवर निघाला की डोळे टिपायचे. शेजारणी म्हणत, बरी गं तुझी नोकरी, घरचंच काम आणि वर पगार.

शेवटी एकदा तिला बोलायला मिळालं; या खेपेला आगाला कुणी विचारलंच नाही. त्या सिनेमातली सून मेलेल्या लेकराच्या बिछान्यापाशी रुमाल ओढून फेकते आणि अख्ख्या घराला सुनावते. ओगुलगेरेक ते बोलणं उंटिणीची धार काढता काढता पाठ करायची. आगा पहिल्या बाकावर बसणार हे तिला पक्कं ठाऊक होतं. समोर उभं राहून बोलता येत नाही, ते पडद्यावरून तरी त्याच्या कानी पडेल, एवढीच तिची आस.

पण दिग्दर्शकाला तिचा आवाज घोगरा वाटला. कापसाची धूळ काय कमी गिळली होती तिनं? चेहरा तुझाच ठेवतो, तो म्हणाला, आवाज नाटकातल्या एका बाईचा लावतो. तिनं विनवलं, माझं घरचं माणूस ऐकायला येणार आहे हो. तो हसला. म्हणाला, मग तर गोडच पाहिजे.

झालं ते असं झालं. आता आगाला सांगणार कोण? तिचं तोंड बांधलेलं. नवरा मेरेतगुली ट्रॅक्टरवर असायचा, तो म्हणाला, "राहू दे की. म्हातारा कधी नाही तो खूश झालाय." गावच्या पोरी लग्नाकार्यात ते बोलणं म्हणून दाखवत, त्या परक्या बाईच्या गळ्याची नक्कल करत, आणि ओगुलगेरेक पुलावाच्या कढईशी बसून ऐकायची. पुढं सिनेमाचं काम बंद पडलं. सिनेमावाल्यांनी हिची कधी चौकशी केली नाही.

आगा अंथरुणाला खिळला तेव्हा कुठं त्याला आठवलं. भर सकाळी मेंढा कापला, शेजारपाजार बोलावला, आणि उशीवर रेलून म्हणाला, "बोल, सूनबाई. आता मोकळी."

तिनं ओठांतलं टोक काढलं. ओठांच्या कडेला त्याचा वळ पडला होता. म्हणाली, "चहा देऊ का, आगा?"

म्हाताऱ्यानं कान टवकारले, मग मान हलवली. "हा नव्हे गं. तो सिनेमातला काढ."

बायाबापड्या खाली बघू लागल्या. मेरेतगुलीनं डोळ्यानं खुणावलं, गप्प बस. पण ती काही थांबली नाही. म्हणाली, "तो उसना होता, आगा. माझा एवढाच आहे, आणि तुम्ही मागेपर्यंत तो म्हातारा झाला."