मोटार बंद करायला

दिवसभर मी माणसं मारतो. टीव्हीवरच्या खऱ्या गुन्ह्यांच्या कार्यक्रमाचा एडिटर आहे. कोयता कुठं उचलायचा, घाव किती वेळा दाखवायचा, कवटी फुटल्याचा आवाज कुठं लावायचा, हे माझं काम. तो आवाज नारळाचा असतो. असल्या कामानं माणूस निबर होतो म्हणतात. होतो, पण परक्या गावांपुरता.

मागच्या वर्षी बेंबळीकडची, माझ्याच गावाजवळची केस आली. बांधाच्या भांडणात चुलतभावांनी एका तरण्या पोराला विहिरीपाशी गाठून कोयत्यानं तोडलं. मानेवर एक घाव, तोंडावर दोन, आणि उचलून विहिरीत. आमचाही शेजाऱ्याशी बांधावरून तंटा आहे.

मग त्याच्या आईची मुलाखत. कॅमेऱ्याकडं न बघता ती म्हणाली, "सांजच्याला हिरीवरची मोटार बंद करायला म्याच धाडलं त्येला."

मुंबईत वाढलेला आमचा प्रोड्युसर खुर्चीतून उडालाच. "'म्याच धाडलं त्येला!' एवढंच ठेव. वर धडाम् म्युझिक, आणि ब्रेक."

"अरे बाबा, धाडलं म्हणजे पाठवलं. आमच्याकडं पोराला दुकानालाही धाडतात."

"आमच्याकडं यमसदनी धाडतात. ब्रेकनंतर कळेलच की खरं."

माझं टाळकं सरकलं. "मोटारीचा तुकडा कापलास तर आईनंच लेकाला मारेकऱ्यांच्या तोंडी दिलं असं होतं. आणि ब्रेकला आमच्याकडं लाईट जाते, मग खरं कोण बघणार!"

"तुझं गाव म्हणून एवढं रडतोस का?"

"व्हय, रडतो!" मी कीबोर्ड टेबलावर आपटला. बटणं उडाली. त्याची कॉलर माझ्या मुठीत कधी आली ते कळलं नाही. "तिचं वाक्य तोडलंस तर तुला तोडीन."

शपथेवर सांगतो, त्या क्षणी हाताशी कोयता असता तर मी उचलला असता. त्यानंही ते माझ्या डोळ्यांत ओळखलं. वाक्य अख्खं टीव्हीवर गेलं, वर धडाम् न लावता.

परवा गावी गेलो. आईनं तो भाग पाहिला होता. दिवस मावळायला मी उठलो. "मोटार बंद करून येतो," म्हणालो.

ती आधीच दारात होती, पायात चपला घालून.

"तू बस," ती म्हणाली. "म्याच जाते."