साहेबांची सुट्टी

"फॉलिन!" संध्याकाळी साडेसातला पातेल्याच्या झाकणावर पळीचे दोन ठोके पडायचे, आणि आम्ही वीस-बावीस जण, चांगले शिकलेसवरलेले, हातात ताट धरून मुकाट रांगेत उभे राहायचो.

भवानीनगरला शाळेवर रुजू झालो तेव्हा मी एकटाच होतो. ही हाळी देणाऱ्या काकींच्या खानावळीत जेवायचो. तुम्हीही अशा बायका पाहिल्या असतील, ज्यांच्यापुढे हेडमास्तरसुद्धा ताटात भात टाकून उठायला धजत नाहीत. पण काकींची तऱ्हा निराळी. त्यांच्या तोंडी सगळी भाषा छावणीची. खानावळ म्हणजे 'लंगर'. विळी-सुऱ्या ठेवायची फळी म्हणजे 'कोत', फौजेत बंदुकांच्या खोलीला म्हणतात तसं. रविवारचं मटण म्हणजे 'बडा खाना'. शनिवारी गावी जायचं तर आधी सांगावं लागे, नाहीतर सोमवारी पेशी ठरलेली.

"मास्तर, आउटपास न घेता गेलात व्हय?"

"काकी, आई आजारी होती."

"मग बराबर. पर सांगून जायचं. आता कशी हाय तब्येत?" आणि विचारता विचारता ताटात एक भाकरी जास्त पडायची.

लग्नानंतरची चार वर्षं काकी नवऱ्याबरोबर पलटणीच्या क्वार्टरमध्ये राहिल्या होत्या. ही बोली त्यांनी तिथूनच आणलेली. नवऱ्याचं नाव त्या घेत नसत. नुसतं 'साहेब'. "साहेब वर पोस्टवर हायत, बर्फात. तितं फोन लागत न्हाय." हे सांगताना त्यांची मान ताठ व्हायची. एकट्या बाईला गावात जे ऐकून घ्यावं लागतं, ते काकींना कुणी ऐकवत नसे. फौजीची बायको म्हटल्यावर चौकातली टारगट पोरंही वाट सोडायची. दिवाळ्या आल्या नि गेल्या, साहेब काही आले नाहीत. आम्हांला त्यात काहीच खटकलं नाही. मी तर वर्गात मुलांना साहेबांचं उदाहरण द्यायचो. अकलेचे कांदे आम्ही!

एका वर्षी काकी तापाने फणफणल्या. तशाच चुलीपुढे उभ्या राहायच्या. आमच्यातल्या चौघांनी बसून खल केला. बायको एवढी आजारी, म्हणजे नवऱ्याला सुट्टी मिळायलाच हवी. काकींच्या काळ्या ट्रंकेवर पांढऱ्या रंगात साहेबांचा नंबर आणि नाव लिहिलेलं होतं. ते मी उतरवून घेतलं, त्यांना न विचारता त्यांच्या वतीने झकास अर्ज लिहिला, आणि बारामतीला जाऊन फौजी लोकांची कामं पाहणाऱ्या एका कारकुनापुढे ठेवला.

त्याने तो दोनदा वाचला.

"मास्तर, ह्यो गडी रिटायर हून नऊ वर्सं झाली. लासुर्ण्याला असतो. म्हैन्याला येतो की कँटीनचं सामान न्यायला, बायको-पोरं घिऊन."

"बायको तर भवानीनगरला आहे," मी म्हणालो.

कारकुनाने अर्ज माझ्यापुढे सरकवला. लासुर्णे म्हणजे भवानीनगरहून मोटारसायकलवर अर्ध्या तासाची वाट. कसाबसा जिना उतरलो. अर्ज टेबलावरच राहिला, हे एसटीत बसल्यावर लक्षात आलं. परत जायचं धैर्य झालं नाही.

काकींना यातलं काही कळू द्यायचं नाही, असं आम्ही चौघांनी ठरवलं.

रविवारी दुपारी आम्ही रांगेत उभे होतो. दारात मोटारसायकल थांबली. पांढऱ्या मिशांचा, अंगाने भरलेला एक माणूस आत आला. त्याच्या हातात मी बारामतीला विसरलेला अर्ज होता.

"माजी सुट्टी मागतीस व्हय गं? लोकांत शोभा केलीस माजी!"

रांगेतल्या कुणाचीही मान वर करायची छाती झाली नाही. काकींच्या हातातली पळी हातातच राहिली. त्यांनी कागद घेतला आणि अक्षर पाहिलं. खानावळीतला भाजीचा फळा रोज मीच लिहायचो.

"म्या न्हाय मागितली," त्या त्याला म्हणाल्या. "जावा तुमी."

तो गेला. काकींनी सगळ्यांना वाढलं. माझ्या ताटाशी आल्यावर त्या थांबल्या. रागावल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

"मला ठावं व्हतं, मास्तर. नऊ वर्सं ठावं व्हतं. तुमाला ठावं न्हवतं, म्हनून मला हितं राहता येत व्हतं."

त्याच आठवड्यात खानावळीला कुलूप लागलं. कुणी म्हणालं त्या अकलूजकडे गेल्या, कुणी म्हणालं दौंडला. त्यांना शोधणं अवघड नव्हतं. बारामतीच्या त्या कारकुनाने चार दिवसांत पत्ता काढून दिला असता. मी त्याच्याकडे गेलो नाही. त्यांना ओळखणारं कुणी नाही असं एखादं गाव त्यांना सापडलेलं असू दे, आणि तिथं माझ्यासारखा मास्तर नसू दे.