हुकूम मोडल्याची कबुली

कोर्टाच्या हुकमाला घाबरणारी माणसं मी पुष्कळ पाहिली, हुकूम धाब्यावर बसवणारी तर त्याहून जास्त. पण तो इतक्या भक्तिभावानं पाळणारा माणूस महाड-पोलादपुरात माझ्या पहिल्या अशिलाखेरीज दुसरा झाला नसेल. अठ्ठावन्नच्या आसपासची गोष्ट. मी महाडात नुकतीच वकिली मांडली होती आणि हे गृहस्थ पोलादपूरवरच्या एका वाडीतून डोंगर उतरून थेट माझ्याकडेच आले. का, ते मला आजवर कळलेलं नाही.

चुलतभावाशी भाताच्या एका खाचरावरून दावा होता. निकाल लागेपर्यंत खाचर भावाकडे राहील, ह्यांनी त्यात पाऊल टाकायचं नाही, टाकलं तर दिवाणी कैद, असा मनाईहुकूम झाला. पहिल्याच फेरीत हरल्यामुळे मी खजील. हे मात्र हुकमाची नक्कल कपाळाला लावून मोकळे! बांबूच्या नळीत घालून ती त्यांनी घरी देवांशेजारी ठेवली. सुट्टीच्या दिवशीसुद्धा कोर्टावरून जाताना बंद दाराला हात जोडायचे. एकदा त्यांचा बैल त्या खाचरात घुसला. बांधावर उभं राहून ह्यांनी त्याला दुपारपर्यंत हाका मारल्या, शिव्या दिल्या, पेंढा दाखवला, पण आत काही गेले नाहीत. दुसऱ्या दिवशी सहा कोस चालत माझ्याकडे. "वकीलसाहेब, बैलानं कोर्टाचा अपमान केला. काय दंड हाय तो सांगा."

मग एका श्रावणात चुलतभाऊ तापानं अंथरुणाला खिळलेला असताना खाचराचा बांध फुटला. वर्षाचं भात वाहून जायची वेळ. हे तासभर काठावर नुसत्या येरझारा घालत होते म्हणे. शेवटी उतरले आणि चिखलदगडांनी एकट्यानं बांध घातला.

दोन दिवसांनी वळकटी काखोटीला मारून माझ्या दारात हजर. "हुकूम मोडला. तुरुंगात जायच्या तयारीनं आलोय." कुणाची तक्रार नाही, गप्प घरी जा, असं मी परोपरीनं विनवलं. ऐकतील तर शपथ! तारखेला न्यायाधीशांपुढे स्वतःच उभं राहून त्यांनी कबुली दिली. न्यायाधीशांनी चुलतभावाला विचारलं. तो घोंगडी पांघरून भिंतीच्या आधारानं उठला.

"नाय साहेब, ह्यो आलाच नव्हता. बांध मीच घातला."

"खोटं बोलतोय!" आमचे अशील कडाडले. "उठवत नव्हतं ह्याला! मीच गेलेलो!"

आपल्याच अशिलाला गप्प बसवायला मी त्यांचा सदरा ओढत होतो. न्यायाधीशांनी चष्मा पुसला, तक्रार नाही अशी नोंद केली आणि पुढची तारीख दिली. शिक्षा न झाल्याचं ह्यांच्या मनाला फार लागलं. महिनाभर माझ्याशी धड बोलले नाहीत. असा अशील मला पुन्हा मिळाला नाही, आणि त्याचं मला अजून वाईट वाटतं.

दाव्याचा निकाल लागायच्या आतच ते गेले. निरोप येताच मी वाडीवर पोचलो. स्मशान ओढ्याकाठी, आणि तिथली जवळची वाट त्याच खाचरातून. "मला लांबनं न्या, हुकूम अजून हाय," असं त्यांनी मुलाला बजावून ठेवलं होतं. तिरडी वळसा घ्यायला वळली, तोच चुलतभाऊ आडवा आला. पुढचा खांदा त्यानं एकाकडून काढून स्वतः घेतला.

"मनाई त्याला हाय, मला नाय," तो रडत म्हणाला. "माझ्या खाचरातनं मी नेतोय माझ्या भावाला."

त्यांचा वकील म्हणून हरकत घ्यायची ती मीच. मी चपला हातात घेतल्या आणि सगळ्यांच्या मागून खाचरात उतरलो.