थोरले साडू आणि मोबाइलवरचं बेसबॉल

शारजात राहून क्रिकेटकडे पाठ फिरवणारा मराठी माणूस पृथ्वीवर एकच असेल, आणि तो नेमका माझ्या सासरच्यांनी माझ्यासाठी राखून ठेवला होता. हे गृहस्थ म्हणजे माझे थोरले साडू, हिच्या ताईचे यजमान. आम्ही राहायला त्यांच्याच इमारतीत, त्यांच्या दोन मजले खाली. स्टेडियमचे दिवे त्यांच्या बाल्कनीतून दिसत. सामना असला की आम्ही सगळे त्या बाल्कनीत गर्दी करायचो आणि साडू आतल्या खोलीत उशीचे अभ्रे बदलत बसायचे. "त्यात काय बघायचं?" ते विचारायचे. हा प्रश्न त्यांनी माझ्या सासऱ्यांनाही विचारला होता, आणि सासऱ्यांनी त्याबद्दल त्यांना माफ केलं होतं, कारण ते थोरले जावई होते. मी विचारला असता तर वेगळं झालं असतं.

अशा माणसाला वयाच्या पन्नाशीत बेसबॉल लागलं. बघायला नव्हे, ऐकायला. आणि तेही अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरच्या एका संघाचं थेट समालोचन, मोबाइलवर. साडू दुबईत एका बांधकाम सल्लागार कंपनीत क्वांटिटी सर्व्हेअर होते. म्हणजे इमारतीला किती विटा, किती सिमेंट, किती लोखंड लागेल ते मोजायचं. त्यांच्या शेजारच्या टेबलावर सहा वर्षं एक अमेरिकन इंजिनिअर बसत असे, आणि तो रोज सकाळी काम करता करता आपल्या गावच्या संघाचं समालोचन लावत असे. साडूंना त्यातलं काही कळत नव्हतं. मग मंदी आली. उभी राहिलेली क्रेन तशीच उभी राहिली, प्रकल्प थांबले, आणि तो अमेरिकन आठवड्याभरात टेबल रिकामं करून निघून गेला. दुसऱ्या दिवशी साडू कामाला बसले तर त्यांना एक बेरीज नीट करता येईना. दुपारी त्यांच्या ध्यानात आलं, की पलीकडून आवाज येत नाहीये. त्या संध्याकाळी त्यांनी नवा स्मार्टफोन घेतला. तोवर त्यांच्याकडे असलेल्या फोनवर एकच खेळ होता, साप असलेला. मुलीकडून त्यांनी त्या समालोचनाचं अॅप घालून घेतलं. ती आठवीत होती आणि मराठी प्रश्नाला इंग्रजीत उत्तर देण्याची तिकडची रीत तिने नीट पाळली होती. "बाबा, नोबडी लिसन्स टू बेसबॉल. इव्हन अमेरिकन्स डोंट," ती म्हणाली. "म्हणून तर," साडू म्हणाले.

दुबईला आम्ही एकाच गाडीने जायचो. गाडी त्यांची. शारजाहून दुबई तशी पंधरा-वीस किलोमीटर, पण त्या रस्त्यावर सकाळी किलोमीटर मोजत नाहीत, तास मोजतात. आम्ही सव्वासहाला निघायचो आणि आठ-सव्वाआठला पोचायचो. नेमक्या त्याच वेळी तिकडे आदल्या संध्याकाळची मॅच चालू असे. म्हणजे बाहेर मंगळवारची सकाळ आणि गाडीत सोमवारची संध्याकाळ. फोन डॅशबोर्डवर एका स्टीलच्या वाटीत उभा केलेला असे, कारण वाटीत आवाज मोठा येतो असा साडूंचा शोध होता. खरा प्रश्न नेटवर्कचा. एका पुलाखाली गेलं की समालोचक वाक्याच्या मध्येच थिजायचा. चेंडू मारला गेलाय, तो उंच गेलाय, मागे-मागे पळतोय कोणीतरी, आणि शांतता. म्हणून साडू त्या पुलाच्या अलीकडे गाडी हळू करत, पूर्ण चेंडू ऐकून घेत आणि मगच पुलाखाली शिरत. मागचे शंभरेक लोक हॉर्न वाजवत. एकदा शेजारच्या गाडीतल्या पठाणाने काच खाली करून ओरडून विचारलं, "हबीबी, क्या हुआ?" साडूंनीही काच खाली केली आणि शांतपणे सांगितलं, "दो आउट." पठाणाने मान डोलावली. मला वाटतं, कोणीतरी गेलं असा त्याचा समज झाला.

मला मागे बसता येत नसे. मी पुढे, मांडीवर आलेखाची वही. तिच्यात प्रत्येक खेळाडूचं काय झालं हे आकड्यांत लिहायचं काम माझं. "लिहा धाकटे, सहा-चार-तीन." मी लिहायचो. सहा कोण, चार कोण, हे मला कधी कळलं नाही आणि मी कधी विचारलं नाही, कारण विचारलं तर ते सांगायला लागले असते. माझं स्वतःचं पद डॉक्युमेंट कंट्रोलर होतं, म्हणजे दुसऱ्यांनी लिहिलेले कागद न वाचता नीट लावून ठेवणं. तेव्हा या कामाला मी लायक होतो. गंमत अशी, की साडूंनी हा खेळ डोळ्यांनी कधी पाहिलाच नव्हता. मी एकदा लॅपटॉपवर एक व्हिडिओ लावला तर त्यांनी हात डोळ्यांवर घेतला. "नको. आमचा पिचर, म्हणजे चेंडू टाकणारा, उंच आहे, सावळा आहे, थोडासा चिपळूणच्या आमच्या भूमितीच्या मास्तरांसारखा. तो उगाच गोरा निघायचा."

साडूंच्या घरी सत्यनारायण होता, शुक्रवारी सकाळी, म्हणजे सुट्टीच्या दिवशी. पूजा सांगायला आलेले गुरुजी एरवी अजमानला एका टाइल्सच्या दुकानात हिशेब लिहायचे आणि शुक्रवारी गुरुजी व्हायचे. साडू सोवळं नेसून, डोक्याला टोपी घालून पाटावर बसले होते, आणि टोपीखाली उजव्या कानात काय आहे हे फक्त मला माहीत होतं. कथेत जहाजाचा प्रसंग आला. गुरुजी अगदी रंगात आले होते. तेवढ्यात यजमान पाटावरून अर्धवट उठून ओरडले, "गेला! गेला! बाहेर गेला!" पोथी थांबली. मग गुरुजींचे डोळे पाणावले. इतकी वर्षं कथा सांगतोय, ते नंतर प्रसाद खाताना मला म्हणाले, पण इतका तल्लीन यजमान पाहिला नाही. ताई मात्र दोन दिवस बोलली नाही.

हे सगळं मी लोकांना करून दाखवायचो. मराठी मंडळाच्या जेवणात माझी मागणी असायची. मी वाटी पुढे ठेवायचो, स्टिअरिंग धरायचो, पुलाखाली थिजायचो, आणि लोक पोट धरून हसायचे. साडू समोर बसून हसायचे, सगळ्यांपेक्षा जास्त. तेव्हा मी स्वतःला फार शहाणा समजत होतो. एका सकाळी गाडीत मी मंदीवर बोलायलाही लागलो. "भाऊजी, खरं सांगू? ज्यांचा परफॉर्मन्स आहे त्यांना कोण हात लावतंय? हे जे जातायत ना, त्यांचं आधीच काहीतरी असतं." साडूंनी समालोचनाचा आवाज थोडा वाढवला. मला वाटलं, ऐकलं नाही त्यांनी.

दोन आठवड्यांनी मला एचआरच्या बाईंनी बोलावलं. दोन महिन्यांची नोटीस, पण उद्यापासून यायची गरज नाही, असं त्या अतिशय गोड आवाजात म्हणाल्या. व्हिसा तोवर चालू. त्यानंतर नवी नोकरी, नाहीतर आमच्या मुलीचं शाळेतून नाव काढून पुणे. मी घरी गेलो आणि काहीच बोललो नाही. उद्या सांगू म्हटलं. दुसऱ्या दिवशी सव्वासहाला खाली उतरलो, टाय लावून, आणि साडूंच्या शेजारी वही घेऊन बसलो.

असे मी एकोणीस दिवस नोकरीला गेलो. साडू ऑफिसच्या दारात सोडायचे. मी ऐटीत आत शिरायचो, लिफ्टने चौथ्या मजल्यावर जायचो, दुसऱ्या लिफ्टने खाली यायचो आणि मागच्या दाराने बाहेर. मग एका मॉलमध्ये, कारंज्यासमोरच्या बाकावर. बाहेर बेचाळीस डिग्री, आत गारठा. बॅगेत लॅपटॉप नव्हता, तो कंपनीने ठेवून घेतला होता. वजन नीट वाटावं म्हणून मी मुलीचा अॅटलास घालून न्यायचो. दिवसभर अर्ज पाठवायचे, कंटाळा आला की अॅटलास बघायचा. त्या काळात मंगोलियाबद्दल मला इतकी माहिती झाली की विचारू नका. सकाळी गाडीत मात्र मी खोटं बोलायची तयारी करून बसायचो. अमक्याची मीटिंग, तमक्याचं ऑडिट. पण तोंड उघडलं रे उघडलं, की साडू हात वर करायचे. "श्श! थांबा धाकटे, बेस भरलेत." आणि आवाज वाढवायचे. मला राग यायचा. इथे माणसाचं आयुष्य बुडायला निघालंय, आणि या गृहस्थांना कुठल्या तरी परक्या गावचे बेस!

विसाव्या दिवशी गाडी ऑफिससमोर थांबली. मी दार उघडलं.

"बसा," साडू म्हणाले. "आज शेवटपर्यंत ऐकू."

"अहो, पण तुम्हाला उशीर होईल."

"होऊ दे. आमच्याकडे मोजायला विटाच नाहीत."

आम्ही बसलो. मॅच बरोबरीत होती, आणि या खेळात बरोबरी चालत नाही, कोणीतरी पुढे जाईपर्यंत खेळतच राहतात. नऊ वाजले. साडेनऊ वाजले. माझे जुने सहकारी गाडीसमोरून आत जात होते आणि मी वही तोंडासमोर धरून बसलो होतो. दहा वाजले.

"भाऊजी, माझी मीटिंग आहे," मी म्हणालो.

साडूंनी फोन वाटीतून उचलला आणि बंद केला. मॅच चालू असताना त्यांनी फोन बंद केलेला मी पहिल्यांदाच पाहत होतो.

"पहिल्या दिवशी तुम्ही डबा मागच्या सीटवर विसरलात," ते म्हणाले. "मी द्यायला वर आलो होतो. रिसेप्शनवरची मुलगी म्हणाली, ही इज नो मोअर विथ अस, सर. मी आधी घाबरलोच."

मी वहीत उगाच एक रेघ ओढली.

"म्हटलं, सांगतील तेव्हा सांगतील. पण रोज सकाळी काहीतरी थाप मारायला लागत होती तुम्हाला. बघवेना. म्हणून आवाज वाढवत होतो."

मी वही मिटली. मला वाटतं मी त्यांना सॉरी म्हणालो. ते म्हणाले, कशाबद्दल, तुम्ही स्कोअर तर नीट लिहिलात. मग ते म्हणाले, यल्ला, घरी जाऊ. आणि सकाळी साडेदहाला, उलट्या दिशेच्या मोकळ्या रस्त्यावरून, अर्ध्या तासात आम्ही शारजाला पोचलो. दार हिने उघडलं. मी काहीतरी भूमिका मांडणार होतो. साडू माझ्या पुढे आत शिरले, चपला काढल्या आणि म्हणाले, "धाकट्यांची नोकरी गेली, वीस दिवस झाले. चहा टाका, मीही घेईन." ही खुर्चीवर बसली. मी समजूत घालायला जवळ गेलो तर म्हणाली, "नोकरीचं बघू. पण वीस दिवस मी पाचला उठून पोळ्या लाटतेय! तू कुठे खात होतास?" मी म्हणालो, कारंज्यासमोर. मग ती रडली, आणि साडूंनी स्वतः उठून चहा टाकला. साखर विसरले.

नोकरी लागायला आणखी महिना गेला. खोर फक्कानच्या बंदरात कागदपत्रं सांभाळायची जागा होती. मुलाखतीला साडूच घेऊन गेले. फोन वाटीत, मी वही घेऊन. पण डोंगर लागले आणि नेटवर्क गेलं ते गेलंच. दोन्ही बाजूंना तपकिरी, उघडे डोंगर, आणि गाडीत समालोचकाशिवाय आम्ही दोघंच. इतकी वर्षं या माणसाच्या शेजारी बसून मी त्यांना कधी काही विचारलंच नव्हतं.

"तुम्हाला भीती नाही वाटत?" मी विचारलं.

"रोज वाटते," साडू म्हणाले. "तो अमेरिकन गेला ना, तेव्हापासून. सकाळी गाडी सुरू केली की पोटात गोळा येतो. आज बोलावतील, आज बोलावतील. मग ते समालोचन लावतो. तिकडे कुणाचं तरी काय चाललंय ते ऐकत राहिलं की पोचेपर्यंत निभतं." थोड्या वेळाने म्हणाले, "ताईला सांगू नका. तिला वाटतं मला खेळाचा नाद आहे."

ती जागा मला मिळाली. आम्ही खोर फक्कानला राहायला गेलो. साडूंचं ऑफिस आणखी दोन वर्षं टिकलं आणि मग एका रविवारी बंद झालं. ते पुण्याला परतले. त्यांची मुलगी तिकडे कॉलेजला गेली आणि सहा महिन्यांत मराठीत भांडायला शिकली, असं ताई कौतुकाने सांगते.

गेल्या वर्षी सुट्टीत मी पुण्याला त्यांच्याकडे दोन दिवस राहिलो. सकाळी उठलो तर साडू गॅलरीत नुसतेच बसलेले. फोन आत चार्जिंगला. मी घड्याळ पाहिलं. तिकडे मॅच सुरू झालेली असणार.

"आज नाही का?" मी विचारलं.

"सोडलं हो केव्हाच. पेन्शन नसली तरी काळजी नाही आता. सकाळी पोटात काही होत नाही." ते हसले. "लावलं होतं एकदा. शब्द सगळे कळत होते. पण बसवेना."

मला आनंद व्हायला हवा होता. झालाही, पण थोडा उशिरा. मी खुर्ची ओढून शेजारी बसलो. सांगण्यासारखं माझ्याकडे पुष्कळ होतं, बंदराचं, नव्या साहेबाचं, मुलीच्या मार्कांचं. त्यांनी आता आवाज वाढवला नसता, सगळं ऐकून घेतलं असतं. पण कुठून सुरुवात करावी कळेना. समोरच्या नव्या इमारतीवर गिलावा चालला होता. घमेल्यावर थापी घासल्याचा आवाज येत होता. आम्ही दोघं बराच वेळ तिकडे बघत बसलो.

"माल पातळ झालाय," साडू म्हणाले.

"हो," मी म्हणालो. मला त्यातलं काही कळत नव्हतं.