मथुराकाकीची हरकत

मथुराकाकी कोणताही कागद दोनदा वाचून घ्यायची. "एकदा तुज्या घाईन वाच, मंग माज्या घाईन," असं म्हणायची आणि टेबलाच्या कडेला बोट टेकवून ऐकत बसायची. तिला सहीपुरतंच लिहिता येत होतं. मी तेव्हा पनवेलला एका वकिलांकडे नुकतीच लागले होते. शाळा, कॉलेज सगळं इंग्रजीत झालेलं, त्यामुळे सरकारी मराठी मी अडखळत वाचायचे. 'पोटखराबा' हा शब्द पहिल्यांदा वाचला तेव्हा मला तो आजार वाटला. काकी हसली नाही. पिकाखाली न येणारा तुकडा, असा अर्थ सांगितला आणि म्हणाली, "वाच पुडं."

ती जासईच्या पलीकडच्या एका गावातली. नवरा गेलेला, मूल नाही. खाडीलगत तिची खारी जमीन होती, आणि ती रस्त्यासाठी संपादनात जाणार होती. सरांकडे येणारे बहुतेक लोक भाव किती मिळेल ते विचारायचे. काकीची तक्रार एका शब्दाबद्दल होती. मोजणीच्या पंचनाम्यात तिच्या शेतापुढे 'पडीक' असं लिहिलं होतं. जमीन रस्त्याला जाणार हे तिने मनाने मान्य केलं होतं. पण तिथे भात पिकत होता, हे कागदावर राहायला हवं होतं. सर सांगायचे की त्या शब्दाने मोबदलाही कमी होईल. ती मान डोलवायची आणि पुन्हा म्हणायची, "पडीक कसं काय लिवलं पन?"

खरी गोष्ट मला तिच्याकडूनच तुकड्या-तुकड्याने कळली. खाऱ्या जमिनीत भात पिकतो तो बाहेरच्या बांधामुळे. बांध फुटला की भरतीचं पाणी आत शिरतं. पूर्वी बांध फुटला की कोणीतरी त्यावर उभं राहून हाक मारायचं आणि दर घरातून एक माणूस घमेलं घेऊन यायचं. ज्याचं शेत तिथे नाही, तोही यायचा. मग शेजारच्या जमिनी एकेक करून गोदामांना गेल्या. शेवटच्या वेळी बांध फुटला तेव्हा आत शेत उरलं होतं ते एकट्या काकीचं. तिने कोणाला हाक मारली नाही. ओहोटी असेल तेवढा वेळ एकटी चिखल टाकत राहिली. तो बांध एकट्या बाईच्या चिखलाने धरणारा नव्हता. दोन हंगाम पीक आलं नाही, आणि नेमके त्याच वेळी मोजणीवाले आले.

सरांनी मुदतीत हरकत दाखल केली. हरकत घेणाऱ्याचं म्हणणं समक्ष ऐकून घ्यावं लागतं, हा कायदाच आहे. काकीला तो फार आवडला. सुनावणीच्या दिवशी ती नवं लुगडं नेसून आली. सर दुसऱ्या कोर्टात अडकले, म्हणून तिच्याबरोबर मी गेले. अधिकारी सभ्य होते. गेल्या दोन वर्षांत पीक घेतलं का, एवढंच त्यांनी विचारलं.

"नाय घेतलं," काकी म्हणाली. "पन जमीन पडीक नाय सायेब. बांधावर येनारी मानसं कमी झाली. बांध घालून द्या, याच पावसात भात दाकवते."

अधिकारी मान हलवत होते. शेजारी कारकून लिहून घेत होता. त्याने जबाब माझ्यापुढे सरकवला, वाचून दाखवा आणि सही घ्या म्हणाला. मागे लोक उभे होते. जबाबात एकच ओळ होती: गेली दोन वर्षे पीक घेतले नसल्याचे अर्जदारास मान्य. बांधाचं काहीच नव्हतं. उरलेलंही लिहा, असं म्हणण्याचा हक्क आम्हाला होता, आणि ते मला ठाऊक होतं. मी खालच्या आवाजात एकदाच वाचलं. काकीने माझ्याकडे पाहिलं. "झालं?" तिने विचारलं. मी हो म्हणाले. तिने सही केली.

निवाडा आला त्यात 'पडीक' तसंच होतं, आणि आधाराला तिचाच जबाब होता. बांधाचं जबाबात नव्हतं आणि ते दिसूनही मी बोलले नाही, हे सगळं मी तिला सांगितलं. सरांनाही इतकं नीट सांगितलं नव्हतं.

"तुना बोलाया लाज वाटली," ती म्हणाली. "मना पन बांधावर हाक माराया लाज वाटली. ज्यांची शेतं गेली त्यांना कंच्या तोंडान बोलवू? जाऊ दे बाय. आता पुडं काय करायचं ता सांग."

पुढे करण्यासारखं होतं. मोबदला घेताना 'हरकत राखून' असं लिहून सही केली की जमिनीचा प्रकार आणि दर यांवर पुढे दाद मागता येते. ते शब्द मी लिहीन, असं म्हणाले. ती नको म्हणाली. आठवडाभर रोज दुपारी येऊन तिने ते दोन शब्द माझ्याकडून गिरवून घेतले. रफार तिला कधीच जमला नव्हता, म्हणून या दोन्ही शब्दांत रफार नाही याचं आम्ही भलतंच कौतुक केलं. ती मोबदला घ्यायला गेली तेव्हा मी तिच्या मागेच उभी होते. खिडकीवरचा माणूस नुसती सही करा म्हणाला. काकीने मान वर केली नाही. दोन शब्द पुरे झाल्यावरच तिने सही केली.

दावा दाखल झाला. तारखा पडत राहिल्या. तारीख नसली तरी ती येऊ लागली. वेफर्सचं पाकीट आणायची, माझ्यापुढे ठेवायची आणि बाकावर बसायची. आम्ही फारसं बोलायचो नाही. एकदा तिने विचारलं, "तुज्या घरी कोन कोन हाय?" मी खोली घेऊन एकटी राहते म्हटल्यावर तिने मान डोलवली. पुढे काही विचारलं नाही, याचं मला बरं वाटलं.

तिसऱ्या तारखेला ती आली नाही. चार दिवसांनी तिच्या नवऱ्याचा पुतण्या जयेश आला, कंटेनर यार्डात कामाला असलेला. काकी गेल्याचं त्यानेच सांगितलं. त्याला दावा मागे घ्यायचा होता. काकी गेल्यावर साक्ष कोण देणार, असं तो म्हणाला.

सर बाहेरगावी होते. वारस म्हणून त्याला तिच्या जागी उभं राहता येतं, पण मुदतीत नाव लावलं नाही तर दावा तिथेच संपेल, हे मी त्याला सांगितलं. बांधाचंही सांगितलं. तो खुर्चीच्या पाठीला धरून उभा होता. ती एकटी बांधावर चिखल टाकायला जायची, हे त्याला माहीतच नव्हतं.

"तिकडचा भात मी खाल्लाय," तो म्हणाला. "येवढं सांगितलं तर चालंल?"

"चालेल."

मी वारसाचा अर्ज काढला. त्याने सही केली आणि पेन परत देताना विचारलं, काकी त्याच्याबद्दल कधी काही बोलायची का.

इतक्या महिन्यांत काकीने त्याचं नावही घेतलं नव्हतं. मी मान खाली घातली आणि वारसाच्या रकान्यात ते नाव नीट अक्षरात लिहू लागले.