करडईची पेंडी

बायको करडईची भाजी निवडायला बसली, की त्या हिरव्या, तुरट वासानं मला तेर गावची ती बाई आठवते. तेव्हा मी धाराशिवला एका वकिलांकडं मुन्शी होतो. तिच्या लेकीला जाळल्याच्या खटल्यातून जावई निर्दोष सुटला होता, आणि निकालाची नक्कल छातीशी धरून ती आमच्या ऑफिसात आली. साहेब बाहेरगावी होते. “मुन्शीजी, सरकार वर गेलं न्हाय, तर मला जाता येतं का ओ हायकोर्टात?” तिनं विचारलं. येत होतं. लेक गेलेल्या आईला स्वतः अपील करता येतं, हे मला चांगलं ठाऊक होतं. पण तो जावई माझ्या बायकोच्या भावकीतला. “बाईला वाटंला लावा,” असा मेव्हण्याचा सकाळीच फोन येऊन गेला होता. मी म्हणालो, “मावशी, अपील सरकारच करतं. तुमच्या हातात काय न्हाय. घरी जावा.” तिनं नकलेची घडी घातली. मग पिशवीतून करडईची पेंडी काढून तिनं माझ्या टेबलावर ठेवली. “साहेबाला सांगू नगा, एवढीच हाय. खरं सांगणारं कुणीतरी भेटलं, लई झालं.” त्या संध्याकाळी आम्ही ती भाजी भाकरीबरोबर खाल्ली. अपिलाला झालेला उशीर माफ करून मागायचाही अर्ज असतो. तो कसा लिहायचा, तेही मला ठाऊक आहे. तेरची बस रोज माझ्या घरावरून जाते आणि हात केला की थांबते. मी अजून हात केलेला नाही.